घटक ४ : निर्मित विश्वातील गूढ जीव – टॉल्किन यांच्या 'मध्यभूमी'च्या आधारे

४.० उद्दिष्टे

या घटकाच्या अध्ययनानंतर तुम्हाला –
• लोककथेतील अद्भुत जीव आणि लेखकनिर्मित विश्वातील गूढ जीव यांतील फरक सांगता येईल.
• 'भयंकर' आणि 'गूढ' या दोन संकल्पना रसविचाराच्या आधारे वेगळ्या करता येतील.
• गूढता निर्माण करण्याच्या निवेदनपद्धती टॉल्किन यांच्या कादंबरीतील उदाहरणांसह स्पष्ट करता येतील.
• न उमगणाऱ्या जिवाशी पात्रे कशी वागतात, यातून व्यक्त होणारा नैतिक आशय विशद करता येईल.

४.१ प्रास्ताविक

विद्यार्थी मित्रहो, अद्भुत जीव आपल्याला नवे नाहीत. लहानपणी वेताळाच्या गोष्टी ऐकल्या नाहीत, पिंपळावरच्या मुंजाचे भय कोणी घातले नाही, असा वाचक विरळा. कोकणात वाढलेल्या विद्यार्थ्यांना पाण्यातला गिऱ्हाही ठाऊक असेल. हे सारे जीव लोकसमजुतीतून आले आहेत. त्यांचा कोणी एक लेखक नाही. सांगणारा आणि ऐकणारा या दोघांच्याही मनात ते आधीपासून वस्तीला असतात. त्यामुळे मुंजा म्हणजे काय, हे सांगणाऱ्याला समजावून द्यावे लागत नाही. 'त्या पिंपळाखालून रात्री जाऊ नकोस' एवढे म्हटले तरी पुरते.

एखाद्या लेखकाने संपूर्ण विश्वच नव्याने रचले, तर मात्र ही सोय त्याला मिळत नाही. तेथील डोंगर, नद्या, लोक, भाषा, इतिहास हे सगळेच वाचकाला अपरिचित असते. अशा वेळी एक अडचण उभी राहते. जिथे सगळेच अनोळखी आहे, तिथे एखादाच जीव 'गूढ' कसा वाटावा? परक्या गावात उतरलेल्या माणसाला प्रत्येक चेहरा सारखाच परका असतो. त्यातला कोणता चेहरा त्या गावालाही परका आहे, हे त्याला कसे कळावे?

या प्रश्नाचे उत्तर शोधणे हा प्रस्तुत घटकाचा विषय आहे. त्यासाठी आपण इंग्रज लेखक जे. आर. आर. टॉल्किन (१८९२–१९७३) यांच्या 'मिडल-अर्थ' म्हणजे मध्यभूमी या विश्वाचा आधार घेणार आहोत. 'द हॉबिट' (१९३७) आणि तीन खंडांत प्रसिद्ध झालेली 'द लॉर्ड ऑफ द रिंग्ज' (१९५४–५५) या त्यांच्या दोन कादंबऱ्या या विश्वात घडतात. दुसरी कादंबरी मुग्धा कर्णिक यांनी 'स्वामी मुद्रिकांचा' या नावाने मराठीत आणली आहे. मूळ कादंबऱ्या तुम्ही वाचलेल्या नसल्या तरी हरकत नाही. आवश्यक तेवढा कथाभाग विवेचनाच्या ओघात दिला आहे.

४.२ विषय-विवेचन

४.२.१ निर्मित विश्व आणि त्याचे नियम

टॉल्किन हे ऑक्सफर्ड विद्यापीठात प्राध्यापक होते. १९२५ ते १९४५ या काळात त्यांनी अँग्लो-सॅक्सन म्हणजे प्राचीन इंग्रजीचे अध्यापन केले. जुन्या भाषा आणि जुनी काव्ये हा त्यांच्या अभ्यासाचा विषय होता. 'बेओवुल्फ' या प्राचीन इंग्रजी काव्यावर त्यांनी १९३६ मध्ये ब्रिटिश अकादमीत व्याख्यान दिले. त्या काळातील अनेक अभ्यासक या काव्याकडे मुख्यतः ऐतिहासिक माहितीचे साधन म्हणून पाहत आणि त्यातील राक्षस व ड्रॅगन यांना गौण मानत. टॉल्किन यांनी याच्या उलट भूमिका मांडली. हे जीव काव्याच्या कडेला नसून केंद्रस्थानी आहेत, मनुष्याचा अटळ पराभव आणि त्यापुढेही टिकणारे त्याचे धैर्य त्यांच्यामुळेच प्रत्ययाला येते, असे त्यांचे म्हणणे होते. अद्भुत जिवांकडे गांभीर्याने पाहण्याची ही दृष्टी त्यांच्या कादंबऱ्यांमागेही आहे.

१९३९ मध्ये स्कॉटलंडमधील सेंट अँड्र्यूज विद्यापीठात परीकथेवर दिलेल्या व्याख्यानात त्यांनी निर्मित विश्वाचा सिद्धान्त मांडला. इंग्रज कवी कोलरिज यांनी १८१७ मध्ये असा विचार मांडला होता, की काव्य वाचताना वाचक आपला अविश्वास स्वेच्छेने बाजूला ठेवतो. टॉल्किन यांना हे अपुरे वाटले. वाचकाला अविश्वास प्रयत्नाने दाबून ठेवावा लागत असेल, तर लेखक कमी पडला आहे, असे त्यांचे मत. यशस्वी लेखक एक दुय्यम विश्व उभे करतो. वाचक त्यात शिरला, की तेथील गोष्टी तेथील नियमांनुसार खऱ्या ठरतात. या अवस्थेला आपण 'दुय्यम श्रद्धा' म्हणू. यासाठी त्यांनी हिरव्या सूर्याचे उदाहरण दिले आहे. 'हिरवा सूर्य' हे दोन शब्द कोणीही उच्चारू शकेल. पण ज्या जगात हिरवा सूर्य स्वाभाविक वाटेल, असे जग घडवायला श्रम आणि विचार लागतो.

मध्यभूमीच्या बाबतीत टॉल्किन यांनी हे श्रम घेतले. त्यांनी एल्फ लोकांच्या भाषा व्याकरणासह रचल्या. नकाशे, वंशावळी, कालगणना आणि राजांच्या याद्या तयार केल्या. आधी भाषा झाल्या आणि त्या बोलणाऱ्यांना राहायला जग हवे म्हणून कथा आल्या, अशा आशयाचे विधान त्यांनी स्वतःच केले आहे. याचा परिणाम असा, की काही पाने वाचल्यावर वाचक मध्यभूमीत स्थिरावतो. हॉबिट म्हणजे माणसाच्या निम्म्या उंचीचे, शेतीवाडी करून सुखाने राहणारे, खाण्यापिण्यात रमणारे लोक. ड्वार्फ म्हणजे डोंगर पोखरून राहणारे ठेंगू, कुशल कारागीर. एल्फ म्हणजे दीर्घायुषी, सुंदर, जुन्या आठवणी जपणारे लोक – हे वाचकाच्या अंगवळणी पडते. ज्याला आपण सुरुवातीला अद्भुत म्हणत होतो, ते आता त्या जगातील नित्याचे होते.

आपल्या प्रश्नाच्या उत्तराचा पहिला भाग येथे मिळतो. निर्मित विश्वात गूढ जीव निर्माण करायचा असेल, तर त्याच्या भोवतालचे जग आधी परिचित करावे लागते. त्या जगाचा ज्ञानकोश जितका भरगच्च, तितकी त्यातील कोरी जागा ठळक दिसते.

स्वयंअध्ययनासाठी प्रश्न – १
(अ) लोककथेतील अद्भुत जिवाला स्पष्टीकरणाची गरज का पडत नाही?
(आ) 'हिरवा सूर्य' या उदाहरणातून टॉल्किन काय सुचवतात?

४.२.२ भयंकर आणि गूढ : रसविचाराची मदत

भरताच्या नाट्यशास्त्रात भयानक रसाचा स्थायी भाव भय आणि अद्भुत रसाचा स्थायी भाव विस्मय सांगितला आहे. हा भेद आपल्या विवेचनाला उपयोगी आहे. 'द हॉबिट'मधील स्मॉग हा ड्रॅगन पाहा. तो भयंकर आहे. आगीने नगर जाळतो, सोन्याच्या राशीवर झोपतो. पण तो गूढ नाही. त्याचे नाव, निवासस्थान, लोभ आणि गर्व, इतकेच काय त्याच्या छातीवरील उघडी जागाही कथेत कळते. त्याच्याविषयी भय वाटते. प्रश्न मात्र उरत नाही.

गूढ जिवाच्या बाबतीत भयाबरोबर, कधी भयाशिवायही, प्रश्न उरतो. हे काय आहे? ते कुठून आले? त्याला काय हवे आहे? भय पळायला लावते, तर विस्मय थांबून पाहायला लावतो. गूढ जीव वाचकाला या दोन्ही प्रेरणांच्या मधोमध उभा करतो. तेव्हा एखादा जीव किती क्रूर किंवा किती प्रचंड आहे, यावरून त्याची गूढता ठरवू नका. त्याच्याविषयी कोणाला काय माहीत आहे आणि काय माहीत नाही, हे पाहा.

४.२.३ गूढतेच्या चार निवेदनपद्धती

'द लॉर्ड ऑफ द रिंग्ज'चा कथाभाग थोडक्यात असा : दुष्ट सॉरॉनने घडवलेली सत्तेची मुद्रिका योगायोगाने बिल्बो या हॉबिटकडे आणि त्याच्याकडून त्याचा आप्त फ्रोडो याच्याकडे येते. ती ज्या अग्निपर्वतात घडली, तेथेच ती नष्ट होऊ शकते. जादूगार गँडाल्फ, फ्रोडोचा सेवक सॅम आणि इतर सोबती यांच्यासह फ्रोडो प्रवासाला निघतो. या प्रवासात भेटणाऱ्या जिवांपैकी चारांच्या आधारे आपण चार पद्धती पाहू.

(१) घटना आधी, नाव नंतर : मोरिया या ड्वार्फांच्या उजाड भुयारी नगरीच्या पश्चिम दारापाशी एक काळे, निश्चल तळे आहे. त्या पाण्यातून एक फिकट हिरवा, ओलसर हात सरपटत येतो आणि फ्रोडोचा घोटा पकडतो. सॅम त्यावर सुरी चालवतो, तेव्हा आणखी वीस हात बाहेर येतात. प्रवासी दाराच्या आत पळतात आणि मागे दार कोसळते. हा एक जीव होता की अनेक, हेही कोणाला कळत नाही. सगळ्यांमधून त्याने नेमके फ्रोडोलाच आधी पकडले, ही गोष्ट गँडाल्फच्या ध्यानात येते. पण तो ती बोलून दाखवत नाही. पुढे मोरियाच्या एका दालनात मेलेल्या ड्वार्फांची फाटकी, जळकी, रक्ताने डागाळलेली नोंदवही सापडते. तळ्याचे पाणी भिंतीपर्यंत चढल्याचे आणि पाण्यातील पहारेकऱ्याने ओइन नावाच्या सोबत्याला नेल्याचे त्या नोंदीत आहे. जिवाला नाव मिळते ते येथे, आणि तेही ज्यांना ते वापरावे लागले त्यांच्या मृत्यूनंतर. या नावाने माहिती वाढत नाही. वाढते ती जाणीव, की आपल्या आधीही कोणी येथे अडकले होते.

(२) एका जिवाची दोन नावे आणि अनिश्चित आकार : मोरियाच्या ड्वार्फांनी मिथ्रिल या मौल्यवान धातूच्या लोभाने फार खोल खणले आणि तेथे काहीतरी जागे झाले. त्याने त्यांचा राजा ड्यूरिन याला मारले. ते काय होते हे माहीत नसल्याने ड्वार्फ त्याला 'ड्यूरिनचा काळ' अशा अर्थाच्या नावाने ओळखतात. एल्फांच्या प्राचीन इतिहासात 'बॅलरॉग' या अग्निमय जिवांचे नाव आहे. पुलाजवळ तो जीव समोर येतो, तेव्हा एल्फ त्याला बॅलरॉग म्हणतो, ड्वार्फ ड्यूरिनचा काळ म्हणतो आणि गँडाल्फला उलगडा होतो. दोन समाजांच्या दोन अर्धवट आठवणी एका क्षणी जुळतात. ओळख पटते, पण आकार मात्र निश्चित होत नाही. सावली आणि ज्वाळा यांच्या मिश्रणातून एक मनुष्यसदृश आकृती जाणवते. तिच्या भोवतीची सावली आधी दोन विशाल पंखांसारखी पसरते. थोड्याच ओळींनंतर निवेदक उपमावाचक शब्द गाळून सरळ पंखांचाच उल्लेख करतो. बॅलरॉगला खरोखर पंख होते का, यावर वाचकांत आजही वाद होतो. उपमेकडून रूपकाकडे जाणाऱ्या एका पावलाने ही संदिग्धता निर्माण केली आहे. अलंकार हा केवळ शोभेचा नसतो, तो निवेदनाचे काम करतो, याचे हे चांगले उदाहरण म्हणून लक्षात ठेवा.

याच प्रसंगाला पुढे एक जोड आहे. बॅलरॉगसह खोल दरीत कोसळलेला गँडाल्फ परत येतो, तेव्हा ड्वार्फांच्या सर्वांत खोल खाणींच्याही खाली जग कुरतडणारे निनावी जीव आहेत, असे तो सांगतो. सॉरॉनलाही ते ठाऊक नाहीत, कारण ते त्याच्याहून जुने आहेत. त्यांचे वर्णन करून दिवसाचा प्रकाश काळवंडून टाकायला मात्र तो नकार देतो. येथे जाणता माणूस सांगायचे टाळतो. अज्ञानापेक्षा जाणत्याचे मौन वाचकाला अधिक अस्वस्थ करते.

(३) दृष्टिकोनाची अदलाबदल : मेरी आणि पिपिन हे दोन हॉबिट एका प्राचीन अरण्यात शिरतात आणि ज्याला ते जुने झाड समजतात, तो बोलू लागतो. हा ट्रीबिअर्ड, म्हणजे 'एन्ट' जातीचा वृक्षपाल. 'एन्ट' हा शब्द टॉल्किन यांनी प्राचीन इंग्रजीतून घेतला. तेथे त्याचा अर्थ राक्षसी देहाचा जीव असा होतो. निदान चौदा फूट उंचीच्या या जिवाला पाहून हॉबिट चकित होतात. मात्र त्यांच्यापेक्षा अधिक चकित होतो तो ट्रीबिअर्ड. तरुणपणी त्याने सर्व सजीवांची यादी पाठ केलेली असते. तो ती मनातल्या मनात चाळतो. एल्फ आहेत, ड्वार्फ आहेत, एन्ट आहेत, माणसे आहेत. हॉबिट मात्र कुठेच नाहीत. क्षणभर वाचकाच्या ध्यानात येते, की या प्रसंगातील गूढ जीव ट्रीबिअर्ड नसून हॉबिट आहेत. ते त्याला यादीत नवी ओळ घालायला सुचवतात, आणि पुढे तो तशी ओळ रचतोही. गूढता ही जिवाच्या अंगी असलेली गोष्ट नसून पाहणारा आणि पाहिला जाणारा यांच्यामधील संबंध आहे, हे यातून स्पष्ट होते.

एन्टांच्या भाषेत वस्तूचे नाव म्हणजे त्या वस्तूची सगळी हकिकत असते. म्हणून ट्रीबिअर्ड घाई करू नका असे वारंवार बजावतो. टेकडी युगानुयुगे उभी आहे, तिला एवढासा शब्द त्याला अपुरा वाटतो. याच हळू जिवांची सभा तीन दिवस चालते आणि मग ते सारुमानच्या आयझेनगार्ड या किल्ल्यावर चालून जातात, कारण त्याने भट्ट्यांसाठी त्यांची झाडे तोडली आहेत. शेक्सपिअरच्या 'मॅकबेथ'मध्ये अरण्य चालून येण्याचे भाकीत सैनिकांनी हाती धरलेल्या फांद्यांनी खरे होते. शाळकरी वयात यामुळे आपली निराशा झाली आणि झाडे खरोखरच युद्धाला निघतील अशी कथा रचावीशी वाटली, असे टॉल्किन यांनी एका पत्रात लिहिले आहे.

(४) अनुत्तरित कोडे : टॉम बॉम्बाडिल हा रानाच्या कडेला राहणारा, पिवळ्या बुटांचा, सतत गाणारा आनंदी जीव. जी मुद्रिका राजांना आणि ज्ञान्यांना मोहात पाडते, ती तो बोटात घालतो आणि त्याचे काहीच होत नाही. मुद्रिका घालून अदृश्य झालेला फ्रोडो त्याला दिसतो. तो कोण, या फ्रोडोच्या प्रश्नाला तो 'आहे' एवढेच उत्तर मिळते. हे पात्र मुळात टॉल्किन यांच्या मुलांच्या एका बाहुलीवरून सुचले. १९३४ मध्ये त्याच्यावर त्यांची एक कविताही प्रसिद्ध झाली होती. कादंबरीत मात्र तो कोणत्याच जातीत बसत नाही. पुराणकाळातही काही कोडी असायलाच हवीत आणि बॉम्बाडिल हे हेतुपुरस्सर ठेवलेले कोडे आहे, अशा आशयाचा खुलासा टॉल्किन यांनी १९५४ मधील एका पत्रात केला. येथे भय मुळीच नाही, केवळ विस्मय आहे. गूढ जीव नेहमी अंधारातच असतो असे नाही, हे या उदाहरणावरून ध्यानात घ्या.

स्वयंअध्ययनासाठी प्रश्न – २
(अ) स्मॉग भयंकर असूनही गूढ का नाही?
(आ) ट्रीबिअर्डच्या प्रसंगात गूढतेविषयी कोणता विचार सूचित होतो?

४.२.४ गॉलम : गूढ जिवाचा उलगडा आणि नैतिक आशय

आतापर्यंतचे जीव अखेरपर्यंत काही प्रमाणात अज्ञात राहतात. गॉलमची वाट याच्या उलट आहे. 'द हॉबिट'मध्ये तो प्रथम भेटतो तेव्हा पूर्ण गूढ आहे. डोंगराच्या पोटातील भूमिगत सरोवरातील बेटावर राहणारा, दिव्यांसारखे फिकट डोळे असलेला, स्वतःशीच बोलणारा हा जीव कोण, हे निवेदकालाही ठाऊक नाही.

या पात्राचा पाठेतिहास अभ्यासण्यासारखा आहे. १९३७ च्या पहिल्या आवृत्तीत गॉलम कोड्यांच्या खेळात हरल्यावर मुद्रिका बक्षीस द्यायला तयार असतो. ती सापडत नाही म्हणून तो दिलगिरी व्यक्त करतो, बिल्बोला बाहेरची वाट दाखवतो आणि दोघे गोडीने निरोप घेतात. पुढील कादंबरीत मुद्रिकेचे स्वरूप घातक ठरले, तेव्हा हा प्रसंग जुळेना. टॉल्किन यांनी तो बदलून लिहिला आणि १९५१ च्या आवृत्तीत नवा पाठ आला. आता गॉलम दगाबाज आहे. अदृश्य झालेला बिल्बो तलवार घेऊन त्याच्या मागे उभा राहतो, एका घावात सुटका होणार असते; पण त्या एकाकी, दुःखी आयुष्याची कल्पना मनात येताच त्याला करुणा वाटते आणि तो न मारता निसटतो. पहिल्या आवृत्तीतील हकिकत म्हणजे बिल्बोने मुद्रिकेवर हक्क सांगण्यासाठी केलेली बनवाबनवी होती, असे स्पष्टीकरण पुढील कादंबरीत देऊन टॉल्किन यांनी जुना पाठही त्या विश्वाच्या इतिहासात सामावून घेतला.

मोठ्या कादंबरीत गॉलमचा उलगडा होतो. त्याचे मूळ नाव स्मीगल. तो हॉबिटांच्याच जातकुळीतला. मुद्रिकेसाठी त्याने आपल्या मित्राचा खून केला आणि शेकडो वर्षांत मुद्रिकेने त्याला असे करून टाकले. म्हणजे परका वाटणारा हा जीव आपल्यातलाच निघतो. बिल्बोने त्याला तेव्हाच मारले असते तर बरे झाले असते, असे फ्रोडो म्हणतो. करुणेनेच बिल्बोचा हात आवरला आणि ज्ञानी माणसालाही सगळे शेवट दिसत नाहीत, असे गँडाल्फ त्याला समजावतो. पुढे गॉलम प्रत्यक्ष समोर येतो तेव्हा फ्रोडोलाही त्याची दया येते. तो त्याला स्मीगल या नावाने हाक मारतो. गूढ जिवाला त्याचे खरे नाव परत देणे हा या कादंबरीतील एक महत्त्वाचा क्षण आहे.

त्यानंतरचा एक लहान प्रसंग आवर्जून अभ्यासा. फ्रोडो आणि सॅम दमून झोपलेले असतात. त्यांना शेलॉब या प्रचंड कोळिणीच्या तावडीत देण्याचा बेत करून गॉलम परततो. त्यांना पाहून त्याच्या डोळ्यांतील चमक विझते आणि तो भीतभीत फ्रोडोच्या गुडघ्याला स्पर्श करतो. त्या क्षणी कोणी त्याला पाहिले असते, तर वयाने थकलेला एक हॉबिटच दिसला असता. इतक्यात सॅम जागा होतो आणि त्याला कठोरपणे झिडकारतो. तो क्षण निघून जातो. गॉलम आपला बेत तडीस नेतो. सॅम दुष्ट नाही. तो निष्ठावंत आहे, दमलेला आहे आणि त्याचा संशय चुकीचाही नाही. तरीही ओळखीचा तो एकच क्षण त्याच्याकडून निसटतो.

शेवटी अग्निपर्वताच्या उतारावर सॅमलाही गॉलमला मारण्याची संधी मिळते. स्वतः काही काळ मुद्रिका वाहिल्यामुळे त्याला आता त्या जिवाची यातना अंधुकपणे कळते आणि तो हात आवरतो. आत, अग्निकुंडाच्या काठावर, फ्रोडोचा निग्रह संपतो आणि तो मुद्रिका आपलीच म्हणून बोटात घालतो. गॉलम त्याचे बोट चावून मुद्रिका हिसकावतो आणि तोल जाऊन तिच्यासह आगीत पडतो. जे काम नायकाला साधले नाही, ते तीन जणांनी वेगवेगळ्या वेळी जिवंत ठेवलेल्या जिवाकडून घडते. गॉलम सुधारला असे कादंबरी म्हणत नाही. करुणेचे फळ करुणा करणाऱ्याच्या हिशेबाप्रमाणे मिळते, असेही म्हणत नाही. पूर्णपणे न कळलेल्या जिवाविषयी अंतिम निकाल देण्याचा अधिकार आपल्याला आहे का, हा प्रश्न ती वाचकापुढे ठेवते.

या प्रश्नाचा संबंध तुमच्या आमच्या जगण्याशी आहे. गावात नव्याने आलेले कुटुंब, न समजणारी भाषा बोलणारा शेजारी, वागणे विचित्र वाटणारा सहकारी यांना आपण आपल्या यादीत शोधतो आणि ते सापडले नाहीत की दोष त्यांना देतो. ट्रीबिअर्डने यादीत नवी ओळ घातली. निर्मित विश्वातील गूढ जिवांचे साहित्यिक मोल या ठिकाणी आहे. वाचकाला वास्तवापासून दूर नेऊन ते त्याला वास्तवातील अनोळखी माणसाकडे पाहण्याचा सराव देतात.

४.३ सारांश

लोककथेतील अद्भुत जीव समाजाच्या सामायिक समजुतीवर उभा असतो, तर निर्मित विश्वातील गूढ जीव लेखकाने रचलेल्या नियमबद्ध जगाच्या पार्श्वभूमीवर उभा राहतो. जगाची सुसंगती जितकी पक्की, तितकी त्यातील अज्ञात जागा परिणामकारक ठरते. गूढता ही भयापेक्षा वेगळी असून तिच्या मुळाशी विस्मय आणि अनुत्तरित प्रश्न असतात. उशिरा मिळणारे नाव, अनिश्चित आकार, दृष्टिकोनाची अदलाबदल आणि हेतुपुरस्सर ठेवलेले कोडे या चार पद्धती टॉल्किन यांच्या कादंबरीत आढळतात. गॉलमच्या रूपाने गूढ जिवाचा उलगडा होतो, तेव्हा त्याच्याशी कसे वागावे हा नैतिक प्रश्न पुढे येतो.

४.४ पारिभाषिक शब्द

निर्मित विश्व : लेखकाने स्वतःच्या भूगोल, इतिहास व नियमांसह रचलेले कल्पित जग.
दुय्यम श्रद्धा : निर्मित विश्वात वावरताना तेथील गोष्टी तेथील नियमांनुसार खऱ्या मानण्याची वाचकाची अवस्था.
अंतर्गत सुसंगती : कल्पित जगातील घटना, नावे व नियम यांचा परस्परांशी असणारा मेळ.
पाठेतिहास : एखाद्या साहित्यकृतीच्या संहितेत आवृत्तीगणिक झालेल्या बदलांचा इतिहास.

४.५ स्वयंअध्ययन प्रश्नांची उत्तरे

प्रश्न १ : (अ) तो जीव सांगणारा व ऐकणारा या दोघांच्याही सामायिक समजुतीचा भाग असतो. (आ) अद्भुत कल्पना उच्चारणे सोपे असते. ती स्वाभाविक वाटेल असे जग उभे करायला श्रम व विचार लागतो.
प्रश्न २ : (अ) त्याचे नाव, स्थान, स्वभाव व मर्मस्थान कळल्याने त्याच्याविषयी प्रश्न उरत नाही. (आ) गूढता जिवाच्या अंगी नसून पाहणारा व पाहिला जाणारा यांच्या संबंधात असते.

४.६ सरावासाठी स्वाध्याय

१. 'भयंकर' आणि 'गूढ' यांतील भेद दोन उदाहरणांसह स्पष्ट करा.
२. बॅलरॉगच्या वर्णनातील उपमा व रूपक यांचे निवेदनातील कार्य विशद करा.
३. गॉलमविषयीच्या करुणेचे तीन प्रसंग सांगून त्यांतून व्यक्त होणाऱ्या आशयाची चर्चा करा.

४.७ उपक्रम

तुमच्या गावातील एखाद्या वयस्कर व्यक्तीकडून तळे, झाड किंवा वाट यांच्याशी जोडलेल्या अद्भुत जिवाची कथा ऐका आणि सांगणाऱ्याच्याच शब्दांत लिहून काढा. त्या कथेत काय सांगितले गेले, काय सांगायचे टाळले गेले आणि कोणत्या गोष्टी तुम्हाला ठाऊक आहेत असे गृहीत धरले गेले, यांची तीन स्वतंत्र टिपणे करा. ही टिपणे प्रस्तुत घटकातील चार पद्धतींशी ताडून पाहा आणि आपले निरीक्षण एका पानात लिहून संपर्कसत्राच्या वेळी चर्चेसाठी सोबत आणा.